तोलोन्त्स : घरातल्यांनीच परकी केलेली मुलगी

'तोलोन्त्स' हा हंगेरियन शब्द आहे. ज्या माणसाला शहरातून पकडून सरकारी बंदोबस्तात त्याच्या मूळ गावी परत पाठवले जाते, तो तोलोन्त्स. आपल्या मराठीत 'तडीपार' हा शब्द जवळचा आहे, पण तो पुरता जुळत नाही. तडीपार माणसाला हद्दीबाहेर काढतात, मग तो कुठेही जावो. तोलोन्त्साला मात्र त्याच्या कागदावर जे गाव लिहिले असेल तिथेच नेऊन सोडतात. तिथे त्याला ओळखणारे कोणी उरले आहे की नाही याची चौकशी सरकार करीत नाही. ज्या वाचकांच्या शेजारी हंगेरीहून आलेली कुटुंबे राहतात त्यांनी जुन्या माणसांना हा शब्द विचारून पाहावा. शब्दात किती अपमान भरलेला आहे हे उत्तर देणाऱ्याच्या चेहऱ्यावरूनच समजेल.

या नावाचा एक मूकपट 1914 च्या उन्हाळ्यात तयार झाला आणि 1915 मध्ये लोकांसमोर आला. इंग्रजीत तो 'द अनडिझायरेबल' म्हणजे 'नकोशी' या नावाने ओळखला जातो. कित्येक दशके तो नष्ट झाला असेच सर्वांनी धरले होते. पुढे न्यूयॉर्कमधील हंगेरियन लोकांच्या एका जुन्या वास्तूच्या तळघरात त्याची प्रत सापडली. इटलीतील बोलोन्या शहराच्या प्रयोगशाळेत ती दुरुस्त झाली, तिला नवे संगीत मिळाले आणि आता हा चित्रपट घरी बसून पाहता येतो. लांबी जेमतेम तासाभराच्या थोडी पुढे. शंभर वर्षांहून जुनी ही वस्तू आपल्या वाचकांनी वेळ काढून का पाहावी, ते सांगण्यासाठी हा लेख.

प्रथम कथा. खेड्यात एक तरुण मुलगी बापाच्या मायेत वाढली आहे. बाप मरणशय्येवर पडतो आणि शेवटच्या घटकेला तिला सांगतो की, मुली, मी तुझा बाप नव्हे, काका आहे. तुझी आई मेलेली नाही. ती तुझ्या बापाच्या मृत्यूबद्दल तुरुंगात शिक्षा भोगते आहे. एवढे सांगून तो डोळे मिटतो. एका क्षणात मुलीचा बाप जातो, बाप हे नातेही जाते, आणि जी आई नव्हती ती गुन्हेगार म्हणून समोर उभी राहते. पोटासाठी मुलगी बाहेर पडते आणि एका सुखवस्तू घरात मोलकरीण म्हणून राहते. घरातल्या मिक्लोश नावाच्या तरुणाचे तिच्यावर प्रेम बसते. मग तिच्यावर चोरीचा खोटा आळ येतो आणि ती 'तोलोन्त्स' ठरते. इकडे आई, जिचे नाव सारा आहे, तुरुंगातून सुटून मुलीचा शोध घेत फिरते आहे. पुढचे सगळे सांगून टाकले तर पाहणाऱ्याची मजा जाईल, पण शेवट गोड होतो एवढे सांगायला हरकत नाही.

कोणी म्हणेल, अशा कथा आपण ढिगाने पाहिल्या आहेत. हरवलेली आई, खोटा आळ, मालकाच्या घरातला प्रेमी, शेवटी भेट! हिंदी चित्रपटांनी हेच तर आपल्याला वर्षानुवर्षे वाढले. आक्षेप खरा आहे. परंतु जेवण कोणते आहे याबरोबर ते रांधले कोणी आणि कसे, हेही पाहावे लागते.

चित्रपटाचा दिग्दर्शक मिहाय केर्तेस. वय तेव्हा सत्तावीस. बुडापेस्टच्या ज्यू कुटुंबात 1886 साली तो जन्मला आणि त्याचे मूळ आडनाव कामिनेर. 'केर्तेस' म्हणजे हंगेरियन भाषेत माळी. पुढे अमेरिकेत जाऊन हाच मनुष्य मायकेल कर्टिझ झाला आणि 1942 मध्ये त्याने 'कॅसाब्लांका' काढला. जगभर लोकांनी डोक्यावर घेतलेला तो चित्रपट ज्याने केला, त्याच्या सुरुवातीच्या कामांपैकी फारच थोडे आज शिल्लक आहे. त्यात हा चित्रपट मोलाचा.

निर्माता येनो यानोविच हाही ज्यू घराण्यातला. ट्रान्सिल्व्हेनियातील कोलोझ्वार शहराच्या हंगेरियन नाट्यगृहाचा तो संचालक होता. उन्हाळ्यात नाटके बंद, नटनट्या मोकळ्या, शहराभोवती डोंगर आणि खेडी. तेव्हा त्याने 1913 पासून तिथेच चित्रपट काढायला आरंभ केला. युद्ध आले तरी काम थांबले नाही. 1920 पर्यंत त्या एका प्रांतिक शहरात साठांहून अधिक चित्रपट निघाले. पुढे लंडनमध्ये मोठा निर्माता झालेला अलेक्झांडर कोर्डा हाही त्या काळात कोलोझ्वारला काम करून गेला. त्या चित्रपटांपैकी बहुतेक काळाच्या पोटात गडप झाले.

'तोलोन्त्स' हे मूळचे एदे तोत या लेखकाचे नाटक. तोत 1876 साली तरुणपणीच वारला. त्याच्या पद्धतीच्या नाटकांना हंगेरीत 'लोकनाट्य' म्हणत. खेड्यातली माणसे, खेड्यातला पोशाख, आणि पदोपदी गाणी व नाच. प्रेक्षक कथेसाठी जितके येत तितकेच गाण्यांसाठी. आता विचार करा, अशा नाटकाचा मूकपट करायचा! आपल्या आजोबांना समजेल अशा भाषेत सांगायचे तर कोणी 'सौभद्र' घ्यावे आणि त्यातली सगळी पदे वजा करून ते पडद्यावर दाखवावे, तसा हा प्रकार. उरते काय? कथा उरते आणि माणसांचे चेहरे उरतात.

केर्तेसने इथे शहाणपणा केला. गाण्यांची उणीव त्याने मोकळ्या जागेने भरून काढली. नाट्यगृहातले रंगवलेले पडदे टाकून तो माणसांना घेऊन उघड्यावर गेला. ट्रान्सिल्व्हेनियाचा निसर्ग आणि तिथल्या खेडूतांचे पोशाख या चित्रपटात दिसतात आणि त्यांना खऱ्या उन्हाचा स्पर्श आहे. कॅमेरा बहुतेक वेळ एका जागी उभा असतो, त्या काळची रीतच ती. पण दृश्यात माणूस लांबून चालत जवळ येतो, वाट दिसते, अंतर दिसते. जिची कथाच गावापासून घरापर्यंत आणि घरापासून परत गावापर्यंत ढकलले जाण्याची आहे, तिच्या चित्रपटात वाट दिसणे फार महत्त्वाचे. घरातली दृश्ये मात्र नाटकासारखी आहेत. माणसे एका रांगेत उभी राहतात, हात वर करतात, छातीवर ठेवतात. बाहेर चित्रपट आणि आत नाटक, असे दोन काळ एका कामात शेजारी नांदतात.

अभिनयातही तेच दोन काळ आहेत. मुलीची भूमिका लिली बेर्कीने केली आहे. ती कॅमेऱ्यासमोर कमी करते. मालक मंडळींसमोर उभी असताना तिची मान आणि खांदे जे सांगतात ते पुरेसे आहे. मिक्लोश झालेला मिहाय वार्कोनी पुढे हॉलीवूडला गेला आणि व्हिक्टर वार्कोनी या नावाने 1927 च्या 'द किंग ऑफ किंग्ज' मध्ये पिलात झाला. इथे तो देखणा दिसतो आणि त्याहून जास्त त्याच्याकडून कथेने मागितलेलेही नाही.

खरी नवलाई म्हणजे आई झालेली मारी यासाई. बुडापेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहाची ही थोर शोकांतिका नटी. जन्म 1850 चा, म्हणजे चित्रीकरणाच्या वेळी चौसष्ट वर्षांची. ज्यांनी तिला रंगभूमीवर पाहिले ते सगळे गेले. तिचा हावभाव आज डोळ्यांनी पाहायला मिळतो तो याच चित्रपटामुळे. तिचे हात मोठे बोलतात, डोळे मोठे होतात, हे आजच्या प्रेक्षकाला अतिरेकी वाटेल. हसू येण्याआधी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. यासाईची गाजलेली भूमिका होती ग्रीक नाटकातली इलेक्ट्रा. आईने बापाचा जीव घेतला म्हणून आईचा द्वेष करणारी, सूडाची वाट पाहणारी मुलगी म्हणजे इलेक्ट्रा. जी नटी आयुष्यभर त्या मुलीच्या तोंडून आईला शाप देत आली, तीच म्हातारपणी नवऱ्याच्या मृत्यूचा डाग घेतलेली आई होऊन मुलीला शोधायला निघते! त्या काळच्या हंगेरियन प्रेक्षकाला हे न सांगता समजले असणार. आणि हा चित्रपट आपल्या मुलीला इलेक्ट्रा होऊ देत नाही. तो सूडाच्या रस्त्याने जात नाही, भेटीच्या रस्त्याने जातो. त्याचा खरा मोठेपणा मला इथे दिसतो.

इथे आपल्याकडची एक तुलना करावीशी वाटते. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' 1913 चा. त्यांना तारामतीसाठी बाई मिळेना म्हणून अण्णा साळुंके यांना लुगडे नेसवावे लागले. त्याच सुमारास कोलोझ्वारला यानोविचपाशी राजधानीतल्या सर्वश्रेष्ठ नटीपर्यंत सगळा स्त्रीवर्ग हजर होता. फाळक्यांना सगळे शून्यातून उभे करायचे होते, यानोविचच्या पाठीशी तयार नाट्यगृह होते. हा फरक लक्षात घेऊन दोघांनाही शाबासकी द्यावी. एक मात्र खरे की घरातल्या बाईचे दुःख सांगणारी कथा बाईच्या चेहऱ्यावाचून पडद्यावर उभी राहत नाही.

आता मुख्य मुद्दा. या कथेत विश्वासघात कोणी केला?

पहिले उत्तर सोपे आहे. ज्यांनी चोरीचा आळ घातला त्यांनी. ते वाईट आहेतच, पण त्यांनी विश्वासघात केला असे मी म्हणणार नाही. विश्वासघाताला आधी विश्वास लागतो. त्या घराने मोलकरणीवर विश्वास टाकलाच नव्हता. काही हरवले की आधी कोणाकडे पाहायचे हे तिथे ठरलेलेच असते. हे फक्त हंगेरीत होते असे समजू नये.

दुसरे उत्तर, आईने. तिच्यामुळे मुलगी बापाला मुकली आणि आईलाही मुकली. पण आईने शिक्षा भोगली, आणि सुटताच तिला मुलीची आठवण झाली.

माझे उत्तर वेगळे आहे. विश्वासघात केला त्या काकाने, जो तिच्यावर सर्वांत जास्त प्रेम करीत होता. त्याने मायेने खोटे सांगितले. पोरीचे मन दुखू नये, लोकांनी तिला खुनी बाईची मुलगी म्हणू नये म्हणून तो वर्षानुवर्षे बाप झाला. हे सगळे चांगल्यासाठी! पण खरे सांगण्याची वेळ आली तेव्हा त्याने ते अशा घटकेला सांगितले की प्रश्न विचारायला मुलीला समोर माणूस राहिला नाही. आई कशी होती, बापाने तिला काय केले होते, ती मला विचारते का, हे ती कोणाला विचारणार? सत्य तिच्या हाती आले ते वारशासारखे, देणारा निघून गेल्यावर. आयुष्यभर ज्याने तिला आधार दिला त्यानेच सर्वांत कठीण प्रसंगी तिला एकटी सोडली. पुढे परक्या लोकांनी तिला परकी ठरवले त्याच्या अगोदर ती घरातच परकी झाली होती.

केर्तेसने हा प्रसंग सुरुवातीलाच ठेवला आणि त्यानंतरचे सगळे त्याच्या छायेत दाखवले. मुलगी आळ आल्यावर जोराने का भांडत नाही, असा प्रश्न पाहताना मनात येतो. मला वाटते, जिला स्वतःचे मूळ काल समजले, तिला 'तू कोण, कुठली' असे दरडावून विचारले की तिच्या पायाखालची जमीन आधीच गेलेली असते. खोटा आळ आणि खरी लाज यांची तिच्या मनात सरमिसळ होते. शब्द नसलेल्या चित्रपटात हे शब्दांपेक्षा अधिक कळते.

आणि हा 'कुठली' प्रश्न आपल्या वाचकांना परका नाही. आपली आडनावेच पाहा. पेणकर, रोहेकर, चेऊलकर, नागावकर! प्रत्येकाच्या नावाला एक गाव चिकटले आहे आणि त्या गावात आज आपल्यापैकी बहुतेकांचे घर नाही. तोलोन्त्साचा कायदा आपल्याला लावला तर कोणाला पेणला, कोणाला रोह्याला नेऊन उतरवतील आणि म्हणतील, जा, हे तुझे गाव! तिथे गेल्यावर दार कोणाचे ठोठवायचे? हसण्याची गोष्ट आहे, पण हसता हसता चित्रपटातल्या मुलीची स्थिती समजते. कागदावरचे गाव आणि पोटातले गाव एकच असते असे नाही.

या चित्रपटाच्या वाट्याला तर याहून विलक्षण गोष्ट आली. तो चित्रित होत होता त्याच उन्हाळ्यात पहिले महायुद्ध पेटले. युद्धानंतर ट्रान्सिल्व्हेनिया रुमानियाकडे गेला, 1920 च्या तहाने त्यावर शिक्कामोर्तब झाले, आणि हंगेरियन कोलोझ्वार हे रुमानियन क्लूज झाले. माणसे होती तिथेच राहिली, देश त्यांच्या पायाखालून निघून गेला. केर्तेस 1919 मध्ये हंगेरी सोडून व्हिएन्नाला गेला. तिथे त्याने आपल्या पूर्वजांच्या मिसर देशातील गुलामगिरीवर 1924 मध्ये 'मून ऑफ इस्रायल' काढला आणि त्यावरून वॉर्नर बंधूंनी 1926 मध्ये त्याला अमेरिकेला बोलावले. यानोविचला दुसऱ्या महायुद्धात ज्यूविरोधी कायद्यांमुळे नाट्यगृहापासून दूर व्हावे लागले. तो 1945 मध्ये कोलोझ्वारला परतला आणि त्याच वर्षी तिथेच वारला. केर्तेसच्या बहिणीच्या कुटुंबाला आउश्वित्झला नेण्यात आले आणि त्यातील सगळे परत आले नाहीत. मोलकरणीला हाकलून देणाऱ्या कागदावर ज्यांनी चित्रपट काढला, त्यांच्या लोकांच्या दाराशी असले कागद पुढे किती भयंकर रूपात आले!

हे मनात ठेवून 'कॅसाब्लांका' पुन्हा पाहावा. तिथे सगळी धडपड आहे ती बाहेर पडण्याच्या परवान्यासाठी. 1914 मध्ये कागद माणसाला मागे ढकलतो, 1942 मध्ये कागदावाचून माणूस पुढे जाऊ शकत नाही. आणि 1945 चा त्याचा 'मिल्ड्रेड पिअर्स' पाहावा. त्यातही बाईच्या नवऱ्याचा खून आहे, आई आणि मुलगी आहेत. पण तिथे मुलीनेच आईला दगा दिला आहे आणि आई तिचा गुन्हा स्वतःवर घ्यायला निघाली आहे. कोलोझ्वारच्या भोळ्या कथेतली आई आणि मुलगी तीस वर्षांनी अमेरिकेत पोहोचतात तेव्हा इतक्या कडवट झालेल्या असतात. दिग्दर्शकाने मधल्या काळात काय काय पाहिले होते ते या दोन चित्रपटांच्या अंतरातून दिसते.

दोषही सांगितले पाहिजेत. योगायोग फार आहेत. शेवट इतका गोड आहे की वाटेतले कडू विसरावे अशी निर्मात्याची इच्छा दिसते. मुलगी निर्दोष म्हणून तिला प्रेम मिळते. तिने खरोखरच भुकेपोटी काही उचलले असते तर? त्या प्रश्नापाशी चित्रपट जात नाही. ज्या कायद्याने तिला हाकलले त्या कायद्याला तो एका शब्दाने बोल लावीत नाही. निरपराध मुलगी चुकून सापडली एवढीच त्याची तक्रार. एदे तोतच्या काळातल्या प्रेक्षकांना एवढे पुरे झाले असेल, आपल्याला पुरत नाही.

तरीही हा चित्रपट वाचला याचा मला आनंद वाटतो. भारतात सुमारे तेराशे मूकपट निघाले असे मानतात आणि त्यांतले तीसेकच थोडेफार शिल्लक आहेत. बाबूराव पेंटरांचा 1925 चा 'सावकारी पाश', ज्यात शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती, तो मूकपट आज आपल्याला पाहता येत नाही. हंगेरियन लोकांची एक वस्तू वाचली ती हंगेरीत नव्हे, दूर देशी गेलेल्या त्यांच्या माणसांच्या तळघरात. परदेशी गेलेले लोक पेट्यांतून काय काय घेऊन जातात आणि नकळत काय जपून ठेवतात, याचा हा मासला.

तेव्हा वाचक हो, एखाद्या सुटीच्या संध्याकाळी घरातल्या लहानमोठ्यांना बसवून हा चित्रपट लावावा. मधल्या पाट्या मोठ्या माणसाने मुलांना समजावून सांगाव्या. काकाच्या मृत्यूचा प्रसंग आला की मुले हमखास विचारतील, "त्याने आधी का नाही सांगितले?" उत्तर देताना जरा जपून द्यावे. आपल्या घराघरांतही एखादे नाव न घ्यायचे, एखादा फोटो न दाखवायचा, कोण कोणाचा कोण हे विचारल्यावर विषय बदलायचा, असे चालत आलेले असते. कारण नेहमी मायेचेच असते. पण मुलांना कळायचे ते एक दिवस कळतेच. ते आपल्या तोंडून, आपण समोर असताना आणि त्यांचे प्रश्न ऐकायला आपल्याला वेळ असताना कळलेले बरे.